हुंडा नको, म्हणजे नेमकं काय नको?

‘‘आम्हाला काही नको हो. मुलगी आणि नारळ द्या, बस्स!’’

हे वाक्य कानावर पडलं की मुलीच्या आईचा जीव भांड्यात पडतो. वडील आतल्या खोलीत येऊन हळूच सांगतात, ‘‘माणसं फार चांगली आहेत हं.’’ माणसं चांगली आहेत की कशी, हे अजून कुणालाच ठाऊक नसतं. मुलगा बोलतो कसा, वय किती, मुलीला तो पसंत आहे का, हे सगळे प्रश्न त्या एका वाक्यापुढे मुकाट बसतात. काही मागत नाहीत ना? मग झालं तर!

हे सगळं डोक्यात आलं ते एका फ्रेंच टेलिफिल्ममुळे. मोलिएर या नाटककाराचं ‘लाव्हार’ म्हणजे ‘कंजूष’ हे जुनं विनोदी नाटक. फ्रेंच टीव्हीसाठी क्रिस्तियाँ द शालोंज या दिग्दर्शकाने त्यावर टेलिफिल्म केली आणि त्यात कंजूष म्हाताऱ्याची भूमिका मिशेल सेरो या नटाने केली. सेरो २००७ साली गेला, त्याच्या अगदी शेवटच्या कामांपैकी हे एक. भाचीने लॅपटॉपवर लावून दिली आणि मी, भाची आणि माझी मावशी अशा तिघी बघत बसलो. खाली इंग्रजी अक्षरं येत होती, ती वाचून मी मावशीला मराठीत सांगत होते. निम्मं माझं, निम्मं मोलिएरचं!

गोष्ट तशी आपल्या ओळखीची. हार्पागाँ नावाचा पॅरिसमधला एक श्रीमंत विधुर. मुलगा क्लेआंत, मुलगी एलिझ. पैसा बक्कळ, पण खर्च करायचं नाव नाही. सोन्याच्या नाण्यांची दहा हजार एकूंची पेटी त्याने बागेत पुरून ठेवलेली, आणि दिवसभर जीव त्या पेटीपाशी. घरातलं प्रत्येक माणूस त्याला चोर वाटतं, पोटचा मुलगासुद्धा. आणि या वयात म्हाताऱ्याला लग्न करायचंय, तेही मारियान नावाच्या गरीब घरच्या तरुण मुलीशी. मुलाचंही तिच्यावरच प्रेम आहे, हे त्याच्या गावीही नाही. स्वतःच्या मुलीचं लग्न मात्र त्याने आँसेल्म नावाच्या पन्नाशीच्या आसपासच्या श्रीमंत गृहस्थाशी परस्पर ठरवून टाकलंय. आजच संध्याकाळी!

मुलगी म्हणते, मला नाही करायचं. अगदी वाकून, नमस्कार करून, अदबीने म्हणते. बाप तिची नक्कल करून तसाच वाकतो आणि म्हणतो, करायचंच. ती पुन्हा वाकते, तो पुन्हा वाकतो. इथे आम्ही तिघीही खूप हसलो.

मग येतो या नाटकातला सगळ्यात गाजलेला प्रसंग. घरचा कारभारी व्हालेर, ज्याच्याशी एलिझने गुपचूप आणाभाका घेतल्यात, त्यालाच बाप पंच म्हणून बोलावतो. बिचारा व्हालेर उघड विरोध करू शकत नाही. तो आडून आडून सुचवतो, की लग्न म्हणजे आयुष्याचा प्रश्न, मुलीला जरा वेळ द्यावा. वयात एवढं अंतर असलं की पुढे त्रास होतो. पैशापेक्षा मुलीचं सुख बघणारेही बाप असतात. प्रत्येक वेळी हार्पागाँचं उत्तर एकच, की नवरदेव हुंड्याशिवाय न्यायला तयार आहे! बाकी काही नाही. पुन्हा पुन्हा तेवढंच, जसं काही ब्रह्मवाक्य. आणि शेवटी व्हालेरही मान डोलावतो, की खरंय, याच्यापुढे कुणाची काय टाप आहे!

साडेतीनशेहून जास्त वर्षं जगभरची थिएटरं या जागी हसत आली आहेत. भाचीही हसली. मावशी हसली नाही. चष्मा काढून पदराने पुसत बसली.

मावशीचं लग्न १९६६ साली झालं. नवरदेव तिच्याहून पंधरा वर्षांनी मोठे, बिजवर. मावशी मॅट्रिक झालेली, पुढे मास्तरीण व्हायचं म्हणून फॉर्म आणून ठेवलेला. पण त्या मंडळींनी काही मागितलं नाही. आजोबांना चार मुली. नव्या पैशाचाही हुंडा न देता दुसरी मुलगी उजवली, हे आजोबा पुढे कित्येक वर्षं ओसरीवर बसून लोकांना अभिमानाने सांगायचे. मी स्वतः ऐकलंय. हुंडा प्रतिबंधक कायदा १९६१ सालीच झालेला, तेव्हा न दिलेल्या हुंड्याचं एवढं कौतुक का, असा प्रश्न कुणाला पडला नाही. खरं सांगायचं तर मावशीचा संसार वाईट झाला नाही. काका सज्जन होते. पण तो फॉर्म ट्रंकेत तसाच राहिला आणि ‘‘तुला चालेल का गं?’’ असं तिला कुणी विचारलं नाही. विचारायचं कारणच नव्हतं ना. काही मागितलं नव्हतं!

माझे आजोबा काही हार्पागाँ नव्हते, हे मला मुद्दाम सांगितलं पाहिजे. त्यांच्याकडे बागेत पुरायला पेटी नव्हती, चार मुलींची काळजी होती. पण मुलीच्या तोंडावर टाकायचा शब्द मात्र दोघांचा सारखाच. म्हणून मला वाटतं, आपण हुंड्याविरुद्ध बोलताना एक गोष्ट सोडून देतो. हुंडा न घेणं चांगलंच, त्यात वादच नाही. पण ‘हुंडा नको’ हे मुलीच्या ‘नको’ला दिलेलं उत्तर होऊ शकत नाही. त्या वाक्यात फायदा कुणाचा आहे, हे बघायला हवं. मोलिएरच्या नाटकात फायदा बापाचा आहे. त्याचे पैसे वाचतात. मुलगी त्या हिशेबात कुठेच नाही.

हिशेबावरून आठवलं. या नाटकात फ्रोझिन नावाची एक बाई आहे. लग्नं जुळवणारी, बोलण्यात पटाईत. मारियानकडे हुंड्याला दमडी नाही, मग म्हाताऱ्याला पटवायचं कसं? फ्रोझिन सांगते, अहो, ही मुलगी वर्षाला बारा हजार लिव्हर घेऊन येतेय! कसे? तर मुलीचं खाणं अगदी साधं, सॅलड, दूध, चीज, सफरचंदं, म्हणजे जेवणाखाणाचे तीन हजार वाचले. दागिन्यांची, उंची कपड्यांची हौस नाही, चार हजार वाचले. पत्त्यांचा जुगार खेळत नाही, पाच हजार वाचले. झाले की नाही बारा हजार?

हार्पागाँ वस्ताद. तो म्हणतो, जे हातात पडलंच नाही त्याची पावती मी देणार नाही.

हसू येतं, पण जरा आपल्याकडे बघा. ‘आमच्या सुनेला काही म्हणजे काही लागत नाही’ हे कौतुक आपण किती घरांत ऐकतो. बाईने न खाल्लेलं, न नेसलेलं, न मागितलेलं, हे सगळं घराच्या जमेत धरलं जातं. तिच्या न मागण्यातून जे वाचलं ते कुणाच्या नावावर जमा झालं, ते मात्र कुणी सांगत नाही. आणि आता तर ‘हुंडा नको’च्या पुढे ‘मुलगी नोकरी करणारी हवी’ असं सर्रास असतं. पगार दर महिन्याला येतो, हुंडा एकदाच यायचा. फ्रोझिनला हा हिशेब सांगितला असता तर तिने बोटं तोंडात घातली असती.

कंजूषपणा आणि काटकसर यांत आपल्याकडे फार गल्लत होते. ती गल्लत बायकांच्या अंगावर जास्त शेकते, म्हणून थोडं सांगते. हार्पागाँची काटकसर कशी आहे बघा. झाडलोट करणाऱ्या बाईला तो बजावतो, की फर्निचर फार जोरात पुसू नकोस, झिजेल. एका नोकराच्या कपड्यावर तेलाचा डाग आहे, तर त्याने पाहुण्यांसमोर टोपी पुढे धरून उभं राहायचं. दुसऱ्याची विजार मागून फाटलीय, तर त्याने पाठ भिंतीला लावून वाढायचं. मेत्र जाक हा एकच माणूस स्वयंपाकी आणि गाडीवान अशा दोन्ही कामांना. मालक बोलायला लागले की तो आधी विचारतो, मी आत्ता कोण, आचारी की गाडीवान? मग त्याप्रमाणे कपडे बदलतो. जेवायला दहाजण आहेत तर आठांचंच रांधायचं. घोडे उपाशी, इतके की त्यांना उभं राहवत नाही.

आता आपली काटकसर. डाळीच्या डब्यात, साडीच्या घडीत, देवघराच्या फळीमागे ठेवलेल्या नोटा. नोव्हेंबर २०१६ मध्ये पाचशे-हजाराच्या नोटा रद्द झाल्या तेव्हा त्या कितीतरी घरांत बाहेर काढाव्या लागल्या, आणि नवरे म्हणाले, ‘‘अगं, एवढे होते तुझ्याकडे?’’ होते. मुलाच्या फीसाठी, सासूच्या दवाखान्यासाठी, माहेरी अचानक जावं लागलं तर एस. टी.च्या भाड्यासाठी. पेटी दोघांचीही लपवलेलीच, पण हार्पागाँच्या पेटीतून काही बाहेर यायचंच नसतं. आपला डबा भरतो तोच एक दिवस उघडायला. तेव्हा यापुढे कुणी गमतीत ‘आमची ही पक्की कवडीचुंबक’ म्हणालं, तर हा फरक जरूर सांगा.

हा शब्द मुद्दामच वापरला. कारण आचार्य अत्र्यांनी याच नाटकावरून मराठीत ‘कवडीचुंबक’ लिहिलं. मोलिएर आपल्याकडे काही नवखा नाही. देवलांचं ‘संशयकल्लोळ’सुद्धा मुळात त्याच्याच एका नाटकावरून, इंग्रजीमार्गे आलेलं. आणि याच देवलांनी १८९९ साली ‘शारदा’ आणलं, त्यातही म्हातारा नवरदेव, कोवळी मुलगी आणि पैशाला भुललेला बाप आहेच. फरक इतकाच, की तिथे बापाला पैसे मिळणार असतात आणि इथे बापाचे वाचणार असतात. मुलीच्या बाजूने बघितलं तर दोन्ही सारखंच.

मोलिएरने नाटक १६६८ साली पॅरिसमध्ये आणलं आणि हार्पागाँची भूमिका स्वतःच केली. सुरुवातीला ते फारसं चाललं नाही. पुढे मात्र फ्रान्समध्ये सर्वांत जास्त प्रयोग होणाऱ्या नाटकांत ते जाऊन बसलं, आणि हार्पागाँ हा शब्द तिकडे कंजूष माणसासाठी सर्रास वापरला जाऊ लागला. मूळ कल्पना त्याचीही नव्हे. प्लाउतुस या रोमन नाटककाराने बावीसशे वर्षांपूर्वी सोन्याच्या हंड्याची गोष्ट लिहिली होती. त्या नाटकाचा शेवटचा भाग हरवलाय, पण जो सारांश उरलाय त्यानुसार म्हातारा शेवटी तो हंडा मुलीला देऊन टाकतो. मोलिएरने नेमका हाच शेवट काढून टाकला. त्याचा हार्पागाँ सुधारत नाही. पेटी परत मिळते म्हटल्यावर तो मारियानवरचा हक्क सोडतो, वर अट घालतो की दोन्ही लग्नांचा खर्च समोरच्यांनी करायचा आणि मलाही लग्नासाठी नवा पोशाख शिवून द्यायचा! आणि पेटी बघायला निघून जातो.

आपल्या सिरियलवाल्यांच्या हाती हा म्हातारा लागता, तर सातशेव्या भागात त्याला छातीत दुखलं असतं, मुलीने उशाशी बसून सेवा केली असती आणि त्याच्या डोळ्यांत पाणी आलं असतं. आपल्यालाही बरं वाटलं असतं. पण किती खोटं! आयुष्यभर घराची मान पिरगाळणारी माणसं शेवटच्या भागात सुधारताना मी तरी फारशी पाहिलेली नाहीत.

छोट्या पडद्यावर हे नाटक आणणं सोपं नाही, हेही तितकंच खरं. पेटी चोरीला गेल्यावर हार्पागाँ वेडापिसा होतो. चोर चोर म्हणून ओरडत स्वतःचाच दंड धरतो आणि मग थेट प्रेक्षकांकडे वळून संशय घेतो, की तुमच्यातच तो बसलाय, तुम्ही सगळे मला हसताय. थिएटरात या जागी पहिल्या रांगेतला माणूस खरोखर चपापतो. टीव्हीसमोर आपण भाजी निवडत बसलेलो. आपल्याकडे बोट कोण दाखवणार? ती गंमत गेलीच. पण टीव्हीत दुसरं काही मिळतं, ते म्हणजे चेहरा. थिएटरात विसाव्या रांगेतून म्हाताऱ्याचे नुसते हातवारे दिसतात. लुई द फ्युनेस या लाडक्या विनोदी नटाने १९८० साली यावर सिनेमा केला, त्याची तर सगळी ख्यातीच हातवाऱ्यांची आणि तोंड वेडंवाकडं करण्याची. सेरोचं तसं नाही. नाटकातला हार्पागाँ साठीचा, सेरो टेलिफिल्मच्या वेळी जवळजवळ ऐंशीचा. कोवळ्या मारियानसमोर एवढा म्हातारा उभा राहिला की विनोद आपोआप कडवट होतो. शालोंज आणि सेरो या जोडीने आधी १९९० साली ‘डॉक्टर पेत्यो’ हा एका खुनी डॉक्टरवरचा सिनेमा केला होता. तेव्हा ही माणसं गोड आजोबा दाखवायला बसलेली नाहीत, हे उघडच आहे.

मला हेच योग्य वाटतं. कंजूष माणूस हा आपल्याकडे नेहमी गमतीचा विषय. लग्नात, बारशात त्याचे किस्से रंगतात. पण त्या घरात राहणाऱ्यांना विचारा. या नाटकात मुलगा पैशासाठी सावकाराकडे जातो. पंचवीस टक्क्यांच्या वर व्याज, शिवाय पंधरा हजारांतले बाराच रोख, उरलेल्यांच्या बदल्यात जुना पलंग, गालिचे आणि पेंढा भरलेलं घोरपडीसारखं कातडं घ्यायचं. आणि समोरासमोर आल्यावर कळतं, की सावकार म्हणजे आपलाच बाप! मुलगा खुशाल सांगत फिरतो, की बाप लवकरच मरेल. तिकडे फ्रोझिन बापाचा हात बघून सांगते, की तुम्ही मुलांना आणि नातवंडांनाही पोचवून मगच जाल. त्यावर हा खूश होतो. हे ऐकून मावशी म्हणाली, ‘‘मेल्याला वाईट नाही वाटलं?’’ नाही वाटलं. हे घर आहे का? आणि त्यात आई नाही. ती केव्हाच वारलीय, तिचा एक उल्लेख असा येतो, की तिच्या वाट्याचा पैसा मुलाला मिळायचा आहे, तो कुणी हिरावून घेऊ शकत नाही. बाई गेली, नाव गेलं, हिस्सा मात्र आठवणीत राहिला.

मारियानला फ्रोझिन समजावते तेही ऐकण्यासारखं. कर गं लग्न, तीन महिन्यांत नाही मेला तर त्याचाच उद्धटपणा! मारियान बिचारी म्हणते, सुखी व्हायला कुणाच्या मरणाची वाट बघायची, हे विचित्रच. गरीब घर, आई आजारी, अशा मुलीला दुसरा सल्ला देणारं कुणी नव्हतं. शेवटी सगळ्यांचं भलं होतं, ते एका योगायोगाने. तो पन्नाशीचा आँसेल्म हा व्हालेर आणि मारियान यांचाच, समुद्रात बुडाला असं वाटलेला बाप निघतो आणि तो सगळा खर्च उचलतो. नाटक म्हणून ठीक. आपल्या ओळखीतल्या किती मुलींचा बुडालेला बाप असा परत आलाय?

एक जाता जाता. मुंबई दूरदर्शन १९७२ साली सुरू झालं, त्यानंतरची कितीतरी वर्षं आपण घरबसल्या टीव्हीवर नाटकं पाहायचो. तालुक्याच्या गावी चांगलं नाटक यायचं ते जत्रेत किंवा गणपतीत, तेही नशीब असेल तर. आता चॅनेल पन्नास झाली आणि नाटक नाही. दोन तासांत संपणारी, सुरुवात-मधला-शेवट असलेली गोष्ट बघायला आमची ना आहे का? ‘कवडीचुंबक’ कुणी आजच्या घरात, आजच्या कपड्यांत करून दाखवा ना. पेटीच्या जागी हवं तर प्लॉटची कागदपत्रं असू देत. बाकी काही बदलावं लागणार नाही.

टेलिफिल्म संपली. भाची लॅपटॉप बंद करायला उठली. मावशीने विचारलं, ‘‘ती लग्न जुळवणारी बाई, तिला कसल्याशा कोर्टाच्या कामाला पैसे हवे होते ना? मागत होती तेव्हा हा ऐकू न आल्यासारखं करत होता. ते दिले का त्याने शेवटी?’’

‘‘नाही,’’ मी म्हटलं.

‘‘वाटलंच मला,’’ मावशी म्हणाली आणि चहा टाकायला उठली.